तोरिंगाची किंमत

चवथीच्या आदल्या रात्री शेजारची बाय वही घेऊन आमच्या वसरीवर आली, तेव्हा तिच्या वहीत एका तोरिंगाची किंमत उणे नव्वद रुपये निघालेली होती. उत्तराखाली पट्टीने दोन रेघा मारलेल्या, एक निळी, एक तांबडी.

उदाहरण पुस्तकातलं नव्हतं, घरचं होतं. त्या सकाळी तिची आई आणि मी डिचोलीच्या बाजारात माटोळीचं सामान आणायला गेलो होतो. गोव्याबाहेरच्या वाचकांना सांगायला हवं: माटोळी म्हणजे चवथीला गणपतीच्या वर छताला टांगतात ती लाकडी चौकट. तिला नारळ, सुपाऱ्या, केळ्यांचा घड आणि रानात मिळतील ती फळं बांधतात. तोरिंग म्हणजे पपनस. बाजारात सत्तरी तालुक्याच्या गावांतून आलेल्या बायका निळ्या प्लास्टिकखाली बसलेल्या असतात. पुढ्यात कांगणां, माट्टां, घागऱ्या, आंबाडे, तांबडीलाल कवंडळं. त्यांतल्या एकीकडे म्हाळुंगं आणि तोरिंगं दोन्ही होती. चवथीच्या गर्दीत सुटा भाव कोण विचारत बसतं? हवं ते उचलून पुढे ठेवायचं आणि "सगळं मिळून किती गे?" म्हणायचं. बायच्या आईने एक म्हाळुंग आणि दोन तोरिंगं घेतली, तिला अडीचशे पडले. मी दोन म्हाळुंगं आणि तीन तोरिंगं घेतली, मला चारशे दहा. घरी आल्यावर तिच्या आईला आठवलं की दोनातलं एक तोरिंग जावेसाठी आणलेलं. जाऊ पैशाला पैसा चुकता करणारी, तिला अंदाजाने आकडा सांगून चालायचं नाही. बाय दहावीत. दोन चलांच्या समीकरणांचं तिसरं प्रकरण वर्गात नुकतंच झालेलं. आई म्हणाली, तू काढ.

तिने मांडणी चोख केली होती.

म + २त = २५०
२म + ३त = ४१०

पहिल्या ओळीवरून म = २५० − २त. इथवर सगळं बरोबर. मग दुसऱ्या ओळीत म च्या जागी ते ठेवताना तिने लिहिलं:

२ × २५० − २त + ३त = ४१०

म्हणजे ५०० + त = ४१०, म्हणजे त = −९०. आणि मग म = ४३०.

"ताळाही केला टीचर," ती म्हणाली. "म चारशे तीस, दोन तोरिंगांचे उणे एकशे ऐंशी. बेरीज अडीचशे येते."

येते खरी. मी वही हातात घेऊन बराच वेळ त्या ओळीकडे बघत बसले. एकोणतीस वर्षं शाळेत गणित शिकवलं, ही चूक शेकडो वह्यांत पाहिली, लाल शाईने गोल केली, कडेला 'कंस' असा एक शब्द लिहिला आणि पुढची वही घेतली. मुलगी उणे नव्वदाला तोरिंग विकत घेते आणि तिला त्यात काही वावगं वाटत नाही, म्हणजे कंसाच्याही अलीकडे काहीतरी निसटलेलं असतं. ते शाळेच्या चाळीस मिनिटांच्या तासात मी कधी नीट शोधलं नाही. याची मला खंत आहे, आणि निवृत्तीनंतर शेजारची चार मुलं वसरीवर बसवते ती त्यासाठीच.

आमच्याकडची पुष्कळ मुलं चौथीपर्यंत मराठीत शिकतात आणि पाचवीपासून गणित इंग्रजीत येतं. बायचंही तसंच. म्हणून मी तिला आधी विचारलं, सबस्टिट्यूट म्हणजे काय? ती लगेच म्हणाली, फुटबॉलमधला. तिचा भाऊ गावच्या संघातून खेळतो आणि बहुतेक वेळा बाकावर बसून असतो, त्यामुळे हा शब्द त्यांच्या घरात रोजचा. एक बाहेर येतो, एक आत जातो.

तिची चूक मला तिथे सापडली. मैदानात एकाच्या जागी एकच जातो, आणि जो जातो तो दुसराच कुणी असतो. समीकरणात या दोन्ही गोष्टी उलट आहेत. म च्या जागी जे आलं ते एकटं नाही, अडीचशे आणि त्यातून वजा झालेली दोन तोरिंगं असं मिळून ते एक आहे. आणि ते दुसरं कुणी नाहीच. तो म च आहे, वेगळ्या शब्दांत सांगितलेला.

मी तिला पंगत सांगितली. पानावर म बसला होता आणि वाढपी दोन-दोन मोदक वाढत येत होता. म उठला आणि त्याच्या जागी आई कडेवर पोर घेऊन बसली. वाढप्याने आईच्या पानात दोन वाढले आणि पोराला तसंच ठेवून पुढे गेला, तर चालेल? बाय म्हणाली, पोराचेपण दोन वाढायला पाहिजेत. मग त्या दोघांभोवती एक कंस काढ, म्हणजे वाढप्याला कळेल की हे एका पानावरचे आहेत.

२(२५० − २त) + ३त = ४१०
५०० − ४त + ३त = ४१०
५०० − त = ४१०

त नव्वद. म सत्तर. तेच नव्वद, फक्त चिन्ह फिरलं. हे आकडे मी ठरवून घेतलेले नाहीत, त्या बाईने सांगितलेले आहेत, पण शिकवायला याहून चांगले मला सुचले नसते.

मग ताळ्याचं काय? चुकीच्या उत्तरालाही ताळा जुळला कसा? ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते, म्हणून इथे थांबते. बायने उत्तर पहिल्या समीकरणात ठेवून पाहिलं होतं. पण म ची किंमत तिने त्याच समीकरणातून काढली होती. त ची किंमत काहीही येवो, उणे नव्वद येवो की दहा हजार, म तिथूनच काढला असेल तर ते समीकरण जुळणारच. एकाच साक्षीदाराला त्याचंच म्हणणं पुन्हा विचारल्यासारखं ते आहे. दुसऱ्याला विचारायला हवं होतं: दोन म्हाळुंगांचे आठशे साठ, तीन तोरिंगांचे उणे दोनशे सत्तर, बेरीज पाचशे नव्वद. चारशे दहा कुठे आणि पाचशे नव्वद कुठे. तिथे लबाडी उघडी पडते.

याचंच मोठं भावंड म्हणजे पहिल्या समीकरणातून काढलेली म ची किंमत पुन्हा पहिल्याच समीकरणात ठेवणं. मुलं हे हमखास करतात. मीही शाळेत असताना केलं होतं. म च्या जागी २५० − २त ठेवलं की २५० − २त + २त = २५०, म्हणजे २५० = २५०. अक्षरं सगळी निघून जातात आणि समोर एक असं वाक्य उरतं जे खरं तर आहे, पण काहीच सांगत नाही. मला तेव्हा वाटलं होतं की गणित सुटलं. बाईंनी त्यावर फुली मारली आणि का ते सांगितलं नाही. खरं कारण सोपं आहे: जे एकाने सांगितलं ते दुसऱ्याच्या कानावर घालायचं असतं, त्यालाच परत ऐकवायचं नसतं. दोन माहित्या एकमेकींना भेटल्या तरच तिसरी जन्मते. आणि दोन वेगळी दिसणारी समीकरणं घेऊनही २५० = २५० सारखंच काही उरलं, तर समजावं की ती दोन नव्हतीच, एकच गोष्ट दोनदा सांगितलेली होती. ० = ५ असं काही उरलं, तर दोघांपैकी एकाचं तरी खरं नाही.

म्हाळुंगावरून मला एक जुनं उदाहरण आठवलं आणि मी ते बायला सांगितलं. इसवी सन ८५० च्या सुमारास राष्ट्रकूट राजा अमोघवर्षाच्या काळात महावीराचार्य नावाचा जैन गणिती होऊन गेला. आपल्या दक्षिण कोकणातले शिलाहार तेव्हा याच राष्ट्रकूटांचे मांडलिक. त्याच्या 'गणितसारसंग्रह' या ग्रंथात एक प्रश्न आहे: नऊ मातुलुंगं आणि सात सुगंधी कवठं यांची एकत्र किंमत १०७, आणि सात मातुलुंगं आणि नऊ कवठं यांची १०१, तर एकेकाची किंमत वेगळी करून सांग. मातुलुंग म्हणजेच आपलं म्हाळुंग. अकराशेहून अधिक वर्षांपूर्वी कुणीतरी तेच फळ पुढ्यात घेऊन तोच प्रश्न विचारला होता: सगळं मिळून कळलं, आता सुटं सांग.

बायने ते तिथल्या तिथे सोडवलं. यात एकटं उभं असलेलं अक्षर नाही, म्हणून अपूर्णांक येतो आणि मुलं घाबरतात. ती नाही घाबरली. म = (१०७ − ७क) ÷ ९. दुसऱ्यात ठेवलं, दोन्ही बाजू नवाने गुणल्या:

७४९ − ४९क + ८१क = ९०९

३२क = १६०, कवठ ५, म्हाळुंग ८. कंस या वेळी तिने आधी काढला आणि मग आत लिहिलं, हे मी पाहिलं.

महावीराचार्य मात्र हे असं करत नाही. तो एक नियम देतो: मोठ्या किमतीला मोठ्या संख्येने गुणा, लहान किमतीला लहान संख्येने, वजाबाकी करा, आणि दोन संख्यांच्या वर्गांच्या फरकाने भागा. ९ × १०७ म्हणजे ९६३, ७ × १०१ म्हणजे ७०७, फरक २५६. ८१ आणि ४९ यांचा फरक ३२. भागाकार ८. बायला तो बत्तीस ओळखीचा वाटला. तिने वर बोट नेलं, तिच्या स्वतःच्या ओळीत तो बसलेलाच होता. कवठासाठी हाच नियम फिरवला तर तिचे ९०९ आणि ७४९ सुद्धा जसेच्या तसे येतात. नियम म्हणजे कुणीतरी एकदाच किंमत ठेवून, सगळ्यांसाठी करून ठेवलेलं काम. नियम पाठ करणाऱ्या मुलीला ते बत्तीस फक्त बत्तीस राहतात. हिला ते कुठून आले ते माहीत होतं.

शाळेत निरसनाची रीत मुलांना जास्त आवडते, कारण ती झटपट होते. या उदाहरणात तर दोन ओळींची बेरीज केली की म्हाळुंग आणि कवठ मिळून १३, वजाबाकी केली की फरक ३, आणि तोंडीच उत्तर. परीक्षेत मीही तेच करा म्हणेन. पण मन माझं किंमत ठेवण्याच्या रीतीकडे ओढतं. निरसनात एक अक्षर हाकलून द्यायचं असतं. इथे ते हाकलत नाही, त्याला आधी बोलतं करतो: तू कोण ते दुसऱ्याच्या भाषेत सांग. आणि ही रीत पुढे साथ देते. रेषा आणि वर्तुळ कुठे छेदतात ते काढायचं असेल, तर ओळींची नुसती बेरीज-वजाबाकी करून भागत नाही, रेषेवरून एकाची किंमत काढून वर्तुळात ठेवावीच लागते.

या रीतीला आपल्या भाषेत एक देखणा शब्द होता आणि तो मला फार उशिरा सापडला. भास्कराचार्यांच्या 'बीजगणितात', म्हणजे शके १०७२ च्या, इसवी सन ११५० च्या ग्रंथात, अज्ञात संख्यांना रंगांची नावं आहेत. पहिली यावत्तावत्, 'जितकी असेल तितकी', आणि पुढच्या कालक, नीलक, पीतक, लोहितक. लिहिताना नुसती पहिली अक्षरं: या, का, नी, पी. ऋण संख्येच्या डोक्यावर एक ठिपका. एका वर्णाचं मान दुसऱ्या वर्णांत काढायचं, असं करत शेवटच्यापर्यंत जायचं, आणि तो सापडला की उलट वाटेने मागे येत एकेकाच्या जागी मान ठेवत जायचं. या ठेवण्याला ते उत्थापन म्हणतात. उत्थापन, म्हणजे उठवणं. पंगतीतून म ला उठवला तो मी मनाने रचलेला दाखला होता, पण शब्दात तो आठशेहून जास्त वर्षं बसलेला होता. वर्गात शिकवत असताना हा शब्द माझ्याजवळ असता, तर मी फळ्यावर रोज लिहिला असता.

त्याच ग्रंथात माकडांच्या कळपाचं एक वर्गसमीकरण आहे. त्याची दोन उत्तरं येतात, ५० आणि ५. पाचाचं उत्तर घेतलं तर मधल्या पायरीत कळपाच्या पाचव्या भागातून तीन वजा करताना ऋण संख्या येते, म्हणून भास्कराचार्य ते सोडून देतात. प्रत्यक्ष गोष्टीत ऋण आलं तर लोकांना ते पटत नाही, असं त्यांचं म्हणणं. बायला मी तेवढंच मागत होते: उणे नव्वद आले की ते पटतात का, हे क्षणभर थांबून बघ. तिने विचारलं, "पण वहीत तर बरोबर वाटत होतं." वहीत सगळंच बरोबर वाटतं. तोरिंग हातात धरून विचार.

'एकसामयिक' हा शब्द मला समजावला तो माझ्या वडलांनी, आणि ते चौथी शिकलेले. ते खाणीच्या बार्जवर होते. डिचोलीच्या बाजूच्या धक्क्यांवर माल भरून मांडवीतून मुरगावला जायचे आणि रिकामी बार्ज घेऊन परतायचे. पावसाळ्यात मांडवीचं मुख बंद झालं की कुंभारजुव्याच्या खाडीतून जुवारीत उतरायचे. मी दहावीत असताना वसरीवर मोठ्याने गणित वाचत होते: नाव प्रवाहाच्या दिशेने ताशी १४ किलोमीटर जाते, प्रवाहाविरुद्ध ताशी ८, तर स्थिर पाण्यातला नावेचा वेग आणि प्रवाहाचा वेग काढा. क्ष + य = १४, क्ष − य = ८. मी क्ष = ८ + य ठेवलं, २य = ६, य तीन, क्ष अकरा. मिनिटाचं काम.

वडील म्हणाले, "जाताना आणि येताना पाणी तेच होतं?"

मला प्रश्नच कळला नाही. त्यांनी सांगितलं की मांडवीला एक दिशा नसते. भरतीचं पाणी गांजे गावापर्यंत आत चढतं. ओहोटी धरून निघालं तर बार्ज आपसूक उतरते, पण परत येताना भरती लागली तर तेच पाणी पुन्हा पाठीला लागतं, विरुद्ध जात नाही. सहा-सव्वासहा तासांनी पाणी वळतं आणि वळण्याआधी काही वेळ ते उभं राहतं. "तुझ्या पुस्तकातला य सकाळी एक आणि संध्याकाळी एक असला तर?"

तर काहीच सुटत नाही. एका ओळीतलं य दुसऱ्या ओळीत नेऊन ठेवायचं, तर दोन्ही ओळींतलं य एकच असायला हवं, त्याच वेळचं, त्याच पाण्याचं. अक्षर सारखं असून भागत नाही. पुस्तकात ही समीकरणं 'एकसामयिक' आहेत असं छापलेलं होतं आणि तो मला नुसता लांबलचक शब्द वाटला होता. वडलांनी तो शब्द कधी ऐकला नव्हता. पण दोन वाक्यं एकाच वेळी खरी असली तरच एकीतली किंमत दुसरीत नेता येते, हे त्यांना पाण्याने शिकवलं होतं.

हे मी बायला सांगत होते, तेवढ्यात माझा धाकटा दीर पणजीहून आला. हातात भिजलेली पिशवी. "वयनी, माटोळीला कमी पडायला नको म्हणून आणखी आणलं," म्हणत त्याने एक म्हाळुंग आणि एक तोरिंग बाहेर काढलं. डिचोलीच्या बाजारात थांबला होता. वर्णन केलं ती बाई तीच, निळं प्लास्टिक, पायाशी कवंडळांची टोपली. दोन्ही मिळून एकशे तीस.

बायने वहीकडे पाहिलं. सत्तर आणि नव्वद, एकशे साठ व्हायला हवे होते. तिने खाली तिसरी ओळ लिहिली: म + त = १३०. वरच्या दोन ओळींत उत्तर पुन्हा ठेवून पाहिलं, दोन्हींत, आणि दोन्ही जुळल्या. मी काही बोलले नाही. आत घरात नारळ सोलत होते त्याचा आवाज येत होता, आणि बायची आई कुंपणापलीकडून हाक मारत होती की काकीला काय सांगू, किती?

"नव्वद," बाय इथूनच ओरडली. मग दिराकडे वळली. "काका, तुम्ही कधी घेतलं?"

"साडेसहा-सात झाले असतील. उठायच्या तयारीत होती ती."

तिने खोडरबर उचललं आणि परत ठेवलं. तिसरी ओळ खोडली नाही. वरच्या दोन ओळी आणि ही ओळ यांच्या मधे पट्टीने एक आडवी रेघ मारली, आणि रेघेखालच्या म ला आणि त ला पायाशी बारीक अक्षरात 'सं' जोडला. संध्याकाळचा म, संध्याकाळचा त. थोडा वेळ पेन्सिल दातांत धरून बसली.

"ही एकटी ओळ सुटणार नाही, टीचर," ती म्हणाली. आणि दिराला विचारलं, "काका, तुमच्या बाजूला उभं राहून तेव्हाच तिच्याकडून आणखी कोणी काही घेतलं का हो?"